शिवदोरा

प्रिय अरुण,

शरणु. हे पत्र तुझ्या हातात पडण्याआधी जेलातले कोणी साहेब वाचणार, हे वकिलांनी मला सांगून ठेवलं आहे. मराठी वाचणारा माणूस त्यांना शोधावा लागेल, उशीर होईल, म्हणून कन्नडात लिहा म्हणाले. पण मी शिकलो तो गावच्या मराठी शाळेत. कन्नडात मी बाजार करतो, भांडतो, देवाचं म्हणतो. मनातलं लिहायला बसलो की हात मराठीकडेच वळतो. तेव्हा जे साहेब हे वाचत असतील त्यांनाही माझा शरणु. लपवण्यासारखं यात काही नाही.

तुझा निरोप पोचला. वकिलांनी सांगितला आणि मग बसवराज मामाने घरी येऊन पुन्हा सांगितला. अव्वाने कोर्टात एवढंच म्हणायचं की मला शुद्ध नव्हती, काय झालं ते मला माहीत नाही. मामा ओसरीवर बसून म्हणाला, "दाजी, एक वाक्य हाय. एका वाक्यात पोरगं घरी येतंय. उगं विचार कामून करायलाव?" तुझी अव्वा आत भाकरी थापत होती. थापण्याचा आवाज मधेच थांबला आणि परत सुरू झाला. मी मामाला चहा दिला, उत्तर दिलं नाही. हे पत्र म्हणजे ते उत्तर आहे. पण तिथपर्यंत यायला मला जरा लांबून यावं लागेल. तू लहानपणापासून घाईचा. निदान हे पत्र तरी ओळीने वाच.

घरचं बरं आहे. तुरीची रास झाली. दाणा भरला, पण शेंगा पोखरल्या गेल्या होत्या. म्हैस व्याली, रेडकू झालं. बसवकल्याणातल्या तुझ्या मोबाईलच्या दुकानाचं शटर बंदच आहे. मालक चांगला माणूस, अजून काही बोललेला नाही. बसम्मा आत्या दर सोमवारी बस धरून तिथे जाते, शटरसमोरची पायरी झाडते, उदबत्ती लावते आणि परत येते. तुला आठवत असेल, पंचक्रोशीत कुणाच्या घरी मयत झाली की आत्याचा हुंदका सगळ्यांत आधी आणि सगळ्यांत मोठा असायचा. हल्ली ती मयतीला जाते, पण तोंडावर पदर घट्ट धरून बसते. गळ्यातून आवाज काढत नाही. बायका आपसात कुजबुजतात. मला कारण माहीत आहे, तुलाही कळेल.

नागूबाई गेली. उद्धवरावची आई. तुला हे कुणी सांगितलं की नाही, ठाऊक नाही. दम्याचा झटका आला म्हणून उद्धवराव तिला जीपमध्ये घालून त्याच ट्रस्टच्या दवाखान्यात घेऊन गेला. आता तिथे ओळखू येणार नाही असं करून टाकलं आहे. तातडीच्या खोलीला लोखंडी जाळीचं दार बसवलंय, त्याला एक हातभर खिडकी. काळ्या शर्टातले चौघे धिप्पाड लोक बाहेर उभे असतात, हैदराबादकडचे आहेत म्हणतात. पेशंटबरोबर एकच माणूस आत, तोही आधार कार्ड दाखवून. आणि जरा अवघड वाटलं की डॉक्टर हात लावत नाहीत, खिडकीतूनच कागदावर लिहून देतात, कलबुर्गीला न्या. पूर्वी विंचू चावलेला, विष प्यायलेला, अडलेली बाई, सगळे तिथे जगायचे. आता सगळ्यांना पुढे पाठवतात. पुढे पाठवलेला माणूस त्यांच्या दवाखान्यात मरत नाही ना, एवढंच ते बघतात.

नागूबाई जीपमध्ये माशासारखं तोंड उघडून बसलेली, आणि हा खिडकीशी. "आधी वाफ तर द्या," म्हणाला. आतून कागद आला. ह्याने जाळीला लाथ मारली. मग त्या चौघांनी त्याला पायऱ्यांवर पाडून फायबरच्या काठ्यांनी मारलं. बरगड्या, पाठ, पिंढऱ्या. तो खाली ओरडतोय आणि जीपमधून ती हात हलवतेय, असं जीपवाल्याने मला सांगितलं. कलबुर्गीचा रस्ता धरला, पण वाटेतच ती गेली. त्या श्रावणातल्या सकाळी तुझ्या डाव्या बाजूला हाच उद्धवराव होता. दवाखान्याच्या दाराची काच त्याच्याच दगडाने फुटली होती. आईची माती करून आला आणि माझ्या अंगणात उकिडवा बसला. सगळं अंग निळं पडलेलं. म्हणाला, "अप्पा, मला कळंना आता कुणाला मारू."

मी हे तुला टोचायला लिहीत नाही. मार खाल्लेलं जनावर आधी मागे सरतं आणि मग समोर येईल त्याला शिंग लावतं, हे आपण गोठ्यात पाहिलं आहे. एवढी इमारत, एवढी शिकलेली माणसं, पण तीही तशीच वागतात हे मला नवीन होतं. 

आता त्या सकाळचं. तुला तुझ्या बाजूने माहीत आहे. तू यायच्या आधी काय झालं ते तुला कुणी नीट सांगितलं नसेल. सांगायला वेळ होता तेव्हा तुम्ही पळालात आणि मग तुला पोलीस घेऊन गेले.

अव्वा खाली चटई टाकून झोपली होती. उजाडायच्या सुमाराला पोटात कळ आली म्हणून उठली. मला वाटलं, खाण्यात काही आलं. मग म्हणाली, "डोळे उघडंनात." पापण्या खाली येत होत्या, बोटाने वर केल्या तरी परत पडत होत्या. जीभ जड झाली. अंगावर कुठे दात नाही, सूज नाही. चटई झटकली तेव्हा मण्यार निघाली, काळी, अंगावर पांढरे पट्टे. मी आणि आत्याने शेजारच्या गाडीत घालून तिला दवाखान्यात नेलं. तेव्हा जाळी नव्हती. शैलश्री म्हणून नव्या डॉक्टर मॅडम होत्या, आपल्या बिदरकडच्याच, तुझ्याहून दोन-चार वर्षांनी मोठ्या. आणि रत्नपाल सिस्टर... बघ, सवयीने सिस्टर लिहिलं; पुरुष नर्सला काय म्हणायचं ते गावाला अजून कळलेलं नाही, सगळे त्याला रत्नपाल सिस्टरच म्हणायचे आणि तो हसून ओ द्यायचा. औरादकडचा. त्या दोघांवर सगळा दवाखाना होता. बाकीचे डॉक्टर कुठे, असं मी विचारलं तर रत्नपाल म्हणाला, "काका, बाकीचे कागदावर हायत."

त्या आठवड्यात साप चावलेले इतके आले होते की लस संपत आली होती. होती तेवढी अव्वाला दिली. मॅडमनी तोंडात नळी घातली, नळीला रबरी फुगा लावला आणि रत्नपाल तो हाताने दाबू लागला. दाबायचा, सोडायचा. दाबला की अव्वाची छाती वर, सोडला की खाली. श्वासाचं यंत्र तिथे एकच होतं आणि ते बिघडलेलं. मॅडमनी मला बाजूला घेऊन सांगितलं, "काका, या विषानं अंग लुळं पडतंय. डोळा, हात, काही हलणार न्हाई. पण त्या मेल्या न्हाईत. फुगा थांबला न्हाई तर त्या वाचतात." मग लसीची चिठ्ठी दिली आणि मी तिथल्याच एकाची मोटारसायकल मागून बिदरच्या वाटेला लागलो. तुला फोन तोवर लागला नव्हता. 

मी गेल्यावर मजुरांनी भरलेला टेम्पो वळणावर उलटला आणि ते सगळे तिथेच आणले. कुणाचा पाय चेंगरलेला, कुणाचं डोकं फुटलेलं. फरशीवर झोपवून ठेवलेली माणसं. मॅडम एकट्या या टोकापासून त्या टोकापर्यंत. बाहेर येऊन नातेवाइकांशी बोलायला माणूसच उरला नाही. आणि तशातच अव्वाच्या गळ्यातला लिंगाचा शिवदोरा बाहेर आला.

गळ्याशी नळी बांधायची पट्टी लिंगाच्या दोऱ्यात अडकत होती. मॅडमनी क्षणभर फुगा हातात घेतला आणि रत्नपालने दोरा कापला. बाकीच्यांचे दागिने ते काय करतात ठाऊक आहे ना? प्लास्टिकच्या पिशवीत टाकून नाव लिहून नातेवाइकाच्या हातात. अव्वाचं मंगळसूत्र आणि बांगड्या तशाच पिशवीत दिल्या होत्या आणि कुणी काही म्हणालं नव्हतं. पण रत्नपाल आपल्या लोकांत वाढलेला. त्याला माहीत होतं की हे लिंग आहे, दागिना नव्हे. त्याने हात धुतले. स्टीलच्या ताटलीत कोरा पांढरा कपडा घातला, त्यावर लिंगाची चांदीची डबी ठेवली, कापलेला दोरा गुंडाळून शेजारी ठेवला, वरून कपड्याचं टोक झाकलं आणि आयाबाईला म्हणाला, घरच्या थोर बाईच्या हातात दे, खाली ठेवू नको. आयाने ताटली आत्याच्या हातात दिली आणि ती पळत परत गेली, कारण आत रक्त वाहत होतं.

तूच सांग, आत्याने काय समजायचं होतं? आपल्यात लिंग अंगावेगळं होत नाही. अंघोळीला नाही, बाळंतपणात नाही. माणूस मातीत बसवतानाही ते त्याच्याबरोबर जातं. तेच लिंग पांढऱ्या कपड्यात झाकून, तोडलेल्या दोऱ्यासकट बाहेर येतं तेव्हा त्याचा एकच अर्थ आत्याला ठाऊक होता. तिने जो टाहो फोडला तो रस्त्यापलीकडच्या हॉटेलात ऐकू गेला म्हणतात. त्याच वेळी तुमची जीप फाटकात शिरत होती.

तू आत्याच्या हातातून डबी घेतलीस. दाराच्या फटीतून पाहिलंस. अव्वा निपचित, डोळे बंद, आणि एक माणूस तिच्या तोंडावर रबराचा फुगा दाबतोय. उद्धवराव म्हणाला, "मेलेल्या बाईला वारा घालायलेत, बिल वाढवायला!" हे वाक्य त्याचं होतं. तो आता ते स्वतःच्या तोंडाने सांगतो. त्यानंतर काच फुटली आणि बाहेर जमलेली गर्दी तुमच्यामागून आत शिरली.

मी परत आलो तेव्हा लसीचा थर्माकोलचा डबा माझ्या छातीशी बांधलेला होता. फाटकात चपला पडल्या होत्या, शेकड्याने. आत काचेवर रक्ताचे पाय उमटलेले. मॅडमना केसाला धरून ओढलं होतं आणि त्यांचं तोंड सिलिंडरच्या कडेवर आपटलं होतं. त्या भिंतीला टेकून बसल्या होत्या, हनुवटी एका बाजूला लोंबत होती, आणि त्या अवस्थेत त्या हाताने पलंगाकडे खूण करत होत्या. टेम्पोतला एक मजूर स्ट्रेचरवरून खाली पडला होता आणि माणसं त्याच्यावरून ये-जा करत होती. तो वाचला नाही. वकील म्हणतात, तो तसाही जाणार होता. खरं-खोटं देव जाणे. पण त्याच्या पोटावर चपलेचा ठसा मी पाहिला आहे.

आणि पलंगाशी तू होतास. सलाईनचा लोखंडी स्टँड तुझ्या उजव्या हातात, डावी मूठ वळलेली. रत्नपाल खाली पडलेला. त्याचा उजवा हात कोपराखाली भलतीकडे वळला होता. तो त्या मोडक्या हातावर रांगत पलंगाशी आला, गुडघ्यावर उठला, फुगा डाव्या हाताने स्वतःच्या छातीवर धरून दाबू लागला. तू त्याच्या पाठीत लाथ घातलीस. तो पडला. पुन्हा उठला, पुन्हा दाबला. तू पुन्हा लाथ घातलीस. मी तुझ्या नावाने ओरडत होतो, पण त्या गदारोळात माझा आवाज मलाच ऐकू येत नव्हता आणि मधे वीस माणसं होती.

आत्या अव्वाचे पाय धरून पडली होती, मयताचे धरतात तसे, कपाळ तळव्यांना लावून. तिनेच सांगितलेलं हे: तिच्या कपाळाला काहीतरी टोचलं. अव्वाच्या पायातलं जोडवं. एकदा टोचलं, थांबलं, परत टोचलं. आत्याने डोकं उचललं, पाहिलं, आणि मग जो आवाज तिच्या गळ्यातून निघाला तो पहिल्या टाहोपेक्षा मोठा होता. "बोट हालतंय! आरं मुडद्यांनो, बोट हालतंय! जिती हाय ती!" तेव्हा तू थांबलास. तुझ्या हातातला स्टँड खाली पडला. तुझा चेहरा मी त्या वेळी पाहिला, अरुण. तो मी कुणाला सांगितलेला नाही.

सगळे पळाले. तुलाही उद्धवरावने ओढून नेलं. मागे उरलो मी, आत्या, भिंतीशी मॅडम आणि रत्नपाल. त्याला आता बसता येत नव्हतं. त्याने फुगा माझ्या हातात दिला आणि पलंगाच्या पायाशी आडवा पडून सांगत राहिला, "दाबा काका. सोडा. घाई न्हाई. सोडा पूर्ण. आता दाबा." अॅम्ब्युलन्सचा ड्रायव्हर लपून बसला होता, त्याच्या गाडीच्या काचा फोडल्या होत्या. मॅडमनी त्याला हात जोडले, बोलता येत नव्हतं म्हणून. कलबुर्गीपर्यंत मी तो फुगा दाबत गेलो. पंचाक्षरी आपोआप त्याच तालावर सुरू झाली, मला वेगळं म्हणावं लागलं नाही. तिथे यंत्र मिळालं आणि तुझी अव्वा घरी आली.

पोलिसांनी तुला काय केलं ते तू सांगितलं नाहीस. पहिल्या मुलाखतीला तू टाच न टेकवता चालत आलास, एवढ्यावरून मी समजलो. त्या दिवशी घरी येऊन मी गोठ्यात भिंतीवर डोकं आपटून घेतलं. ज्यांनी तुझ्या तळपायांवर मारलं त्यांचे हात मोडावेत असं मला वाटलं, आणि लगेच रत्नपालचा हात आठवला. राग सरळ एका दिशेला जाऊही देत नाही हे प्रकरण.

आता दवाखान्याचं ऐक. पहिले आठ-पंधरा दिवस संप झाला, काळ्या फिती लावून मोर्चा निघाला, बाहेरून मोठे डॉक्टर येऊन भाषणं करून गेले. मग ट्रस्टच्या लोकांना दिसलं की पेशंट येईनात आणि निवडणूक जवळ आली. सलोख्याची बैठक झाली. मामा त्यात होता. एकमेकांना शाली घातल्या. दवाखान्याने लिहून दिलं की काही तक्रार नाही. कॅमेरे, नेहमीप्रमाणे, बंद होते. मॅडमच्या जबड्यात तारा घातल्या आहेत, त्या बेंगळूरला गेल्या, परत येणार नाहीत. त्यांच्या घरच्यांनी त्यांना या भानगडीतून ओढून काढलं. रत्नपालला दुसऱ्या गावच्या शाखेत औषधाच्या खिडकीवर बसवायला निघाले होते, अट एवढीच की त्याने तक्रार मागे घ्यावी. त्याने घेतली नाही. म्हणून आता त्याला नोकरी नाही. सगळ्या गावातून, सगळ्या दवाखान्यातून तो एकटा उभा आहे, आणि मामाच्या म्हणण्याप्रमाणे एकट्याचं कोर्टात काही चालत नाही. तो स्वतःच ट्रॉलीला अडखळून पडला, असं सांगायला पाच साक्षीदार तयार आहेत. मला आणि आत्याला कुणी साक्षीला घेतलेलं नाही. राहिली अव्वा.

संक्रांत झाल्यावर अव्वा म्हणाली, मला त्या पोराकडे घेऊन चला. औरादची बस, तिथून टमटम. दोन खोल्यांचं घर, दारात बाबासाहेबांचा फोटो. त्याची आई बाहेर आली, आम्ही कोण ते कळल्यावर उंबऱ्यात आडवी उभी राहिली. "आता कामून आलाव? उरलेला हात मोडायला? घ्या, आत हाय, मोडा!" अव्वा अंगणात मातीतच बसली. उन्हं डोक्यावर येईपर्यंत बसली. शेवटी तोच बाहेर आला. उजव्या हाताची बोटं मिटत नाहीत त्याची. डाव्या हाताने तांब्या आणून अव्वासमोर ठेवला आणि म्हणाला, "मावशी, आवाज कसा हाय आता? नळीनं घसा सोलून निघतो." 

अव्वाने विचारलं, लिंग कपड्यात कामून ठेवलंस बाबा? तो म्हणाला, "मावशी, मान ठेवावा म्हणलं. पिशवीत टाकून दिलं असतं तर बरं झालं असतं." त्याची आई आत जाऊन भांडी आपटू लागली. थोड्या वेळाने तिनेच चहा आणला, कप आमच्यासमोर आदळला, पण साखर घातलेली होती.

परतीच्या बसमध्ये, भालकीच्या अलीकडे, अव्वाने मला ते सांगितलं. तोवर पाच महिने तिने कुणालाच सांगितलं नव्हतं. मला, वकिलांना, मामाला, सगळ्यांना वाटत होतं की ती बेशुद्ध होती. तिच्या डोळ्यांपुढे अंधार होता, पण कान उघडे होते. अरुण, तिला सगळं ऐकू येत होतं.

तिने फुग्याचा आवाज ऐकला. रत्नपाल मधूनमधून तिच्या कानाशी म्हणत होता, "मावशी, भिऊ नका, मी हाय." आत्याचा टाहो ऐकला आणि तिला वाटलं, कोण गेलं बाई? मग काच, मग मॅडमची किंकाळी, आणि मग वाळली तुराटी गुडघ्यावर मोडावी तसा आवाज, आणि त्यासरशी तिचा श्वास थांबला. फुगा खाली पडला होता. ती म्हणाली, विहिरीत बुडते आहे आणि काठावर माणसं भांडतायत असं वाटलं. सगळा जीव तिने पायाच्या एका बोटात नेला, कारण तेवढंच तिचं ऐकत होतं. आणि त्या सगळ्यात तुझा आवाज. तू लाथा घालताना काय ओरडत होतास, हे तुला आठवतं का मला माहीत नाही. तिला आठवतं. "माझी अव्वा दे! माझी अव्वा दे रे!" तू रडत होतास. आणि ती तुझ्यापासून हातभर अंतरावर पडून मनातल्या मनात ओरडत होती, आरं अरुण, मी हाय, मी हितंच हाय, त्याला सोड, त्याच्या हातात माझा जीव हाय. तिच्या तोंडातून शब्द निघाला नाही. ती म्हणते, विषाचं काही वाटलं नाही, त्या न निघालेल्या शब्दाचं वाटतं. अजूनही दुपारी डोळा लागला की ती दचकून उठते आणि मोठ्याने "मी हाय" म्हणते.

मी तिला विचारलं, मग काय करायचं ठरवलंस? पोरगं तुझं आहे. ती म्हणाली, "व्हय, माझंच हाय. म्हणून तर." मी घरी येऊन लिंगपूजेला बसलो, उत्तर मिळेल म्हणून. मिळालं नाही. तळहातावर लिंग ठेवून बघत राहिलो, एवढंच. उठलो तेव्हा एक गोष्ट मात्र कळली होती की तिच्या तोंडात कुणाचं वाक्य घालायचं काम माझं नाही. मामाचं नाही, तुझं नाही, माझंही नाही. तिला एकदा तोंड असून गप्प राहावं लागलं आहे.

म्हणून हे पत्र लिहितो आहे. पुढच्या महिन्यात तुझी तारीख आहे आणि तुझ्या अव्वाच्या नावाचा पुकारा होईल, चन्नम्मा कोम वीरभद्रप्पा. मी तिला घेऊन येणार. जे ऐकलं ते सगळं ती सांगणार, तुझं नाव घेऊन. हे तुला कोर्टात पहिल्यांदा कळू नये, आधी माझ्या हातचं वाच, असं तिनेच सांगितलं. मी लिहितोय आणि ती समोर वाती वळत बसली आहे. तुला किती वर्षं होतील ते मला ठाऊक नाही. जेवढी होतील तेवढी वर्षं आम्ही दर मुलाखतीला येऊ, आणि रत्नपालच्या अंगणातही जाऊ, त्याच्या आईने हाकलेपर्यंत. तुझ्या डाव्या मुठीतून पोलिसांनी काढून घेतलेली चांदीची डबी कोर्टात जमा आहे. सुरुवातीला तीच तिच्यापुढे धरून विचारतील, ओळखता का, कुणाची आहे. तेव्हा तू मान खाली घालू नकोस. तिच्याकडे बघ. ती म्हणते, त्या दिवशी तू मला एवढ्यांदा हाका मारल्यास आणि मी एकाही हाकेला ओ दिली नाही. ती कोर्टात ओ देणार आहे.

तुझाच,
अप्पा